चार तासांचं जैसलमेर : एका टूरचं परीक्षण

आधी एक खुलासा. या लेखात ‘गाइड’ म्हटलं की टूर गाइड समजायचं. पीएचडीच्या गाइडना आम्ही सगळीकडे ‘सर’च म्हणतो, तेव्हा इथंही ते ‘सर’ म्हणूनच येतील. हे मुद्दाम सांगायचं कारण, या दोन गाइडांची गल्लत माझ्या हातून एकदा झालीय. माझ्या दुसऱ्या प्रकरणाच्या पहिल्या खर्ड्यात टूर गाइडनं सांगितलेली एक गोष्ट मी जणू सरांनीच सांगितल्यासारखी, म्हणजे काहीही न तपासता, घालून टाकली होती.

सिनॉप्सिस लिहायला बसलेल्या दोघा-तिघांनी मला मध्यंतरी एक प्रश्न विचारला. पुस्तकाचं परीक्षण कसं करायचं ते वर्गात शिकवतात, पण फील्डवर जे कानावर पडतं त्याचंही परीक्षण करायचं असतं का? की ते नुसतं ‘डेटा’ म्हणून वहीत उतरवायचं? मी म्हटलं, करायचं असतं, आणि पुस्तकापेक्षा कडक करायचं असतं. मग वाटलं, एकदा करूनच दाखवावं. म्हणून आज एका अर्ध्या दिवसाच्या टूरचं परीक्षण. गाव जैसलमेर, वेळ सकाळी आठ ते बारा.

मी तिथं का गेले होते ते आधी सांगते, नाहीतर पुढचा माझा राग कळणार नाही. माझा विषय अफू आहे. (घरी पाहुणे आले की आई अजूनही ‘इतिहासात पीएचडी करतेय’ एवढंच सांगते.) नीट सांगायचं तर, १८१८ नंतरच्या तीस-पस्तीस वर्षांतला माळव्याच्या अफूचा व्यापार आणि त्यात पैसा लावणारे सावकार. माळवा म्हणजे होळकर-शिंद्यांचा मुलूख. तिथली अफू चीनच्या बाजारात कंपनीच्या बंगाली अफूला टक्कर देत होती, म्हणून १८२० च्या दशकात कंपनीनं संस्थानिकांशी करार करून तिचे मुंबईकडचे रस्ते अडवायला सुरुवात केली. व्यापाऱ्यांनी काय केलं? लांबचा वळसा घेतला. माळव्यातून पाली, पालीहून जैसलमेर, पुढे वाळवंट ओलांडून सिंध, कराची बंदर, आणि तिथून समुद्रमार्गे पोर्तुगिजांच्या दमणला. नकाशा काढून बघा, किती उलटा प्रवास आहे तो. अमर फारूकींचं ‘स्मगलिंग ॲज सबव्हर्शन’ हे १९९८ चं पुस्तक या विषयावर पहिल्यांदा वाचलं, तेव्हा मी हा रस्ता पेन्सिलीनं नकाशावर गिरवला होता. तेव्हापासून जैसलमेर बघायचं होतं.

तीन दिवस मी कागदपत्रांच्या मागे हिंडले, त्याची गोष्ट वेगळी. चौथ्या दिवशी सकाळ मोकळी होती. हॉटेलवाल्यानं टूर लावून दिली. आम्ही नऊ जण होतो: दोन बंगाली कुटुंबं, नाशिकचं एक निवृत्त जोडपं आणि मी. गाइड पंचावन्नच्या आसपासचे, किल्ल्यातच जन्मलेले आणि अजून किल्ल्यातच राहणारे.

सुरुवात गडीसरपासून. चौदाव्या शतकात रावळ गडसीच्या नावानं ओळखला जाऊ लागलेला हा तलाव कित्येक शतकं गावाचं पिण्याचं पाणी होता. आता त्यात कालव्याचं पाणी येतं आणि पर्यटक माशांना पाव टाकतात. तलावाच्या वाटेवर टीलोंची पोळ नावाची देखणी कमान आहे. गोष्ट अशी की ती टीलों नावाच्या एका गणिकेनं बांधली. राजघराण्यातल्या बायकांना तिच्या कमानीखालून पाण्याला जाणं कमीपणाचं वाटलं, कमान पाडायची ठरली, तर टीलोंनं रातोरात कमानीवर देऊळ बसवलं. देवळाला हात कोण लावणार! गाइडनं हे फार छान सांगितलं. कुठं थांबायचं, कुठं वर बघायचं, सगळं ठरलेलं. आणि ही गोष्ट चांगली चालते याला कारणही आहे. देऊळ खरोखरच वर दिसतं. गोष्ट खरी की खोटी ते बाजूला ठेवा, पण ऐकणारा डोळ्यांनी काहीतरी पडताळू शकतो. शिवाय गोष्ट पाण्याबद्दल आहे: पाण्याच्या वाटेवर कोणाची मालकी, कोणाच्या कमानीखालून कोण वाकून जाणार. वाळवंटातल्या गावाची ओळख करून द्यायला याहून बरी सुरुवात नाही. टूर इथंच संपली असती तर मी पाचापैकी साडेचार दिले असते.

किल्ला. ११५६ मध्ये रावळ जैसलनं त्रिकूट टेकडीवर वसवला, नव्व्याण्णव बुरूज, पिवळा दगड, २०१३ मध्ये राजस्थानच्या इतर पाच किल्ल्यांबरोबर जागतिक वारसा यादीत. अखै पोळ, सूरज पोळ, गणेश पोळ, हवा पोळ अशी वळणं घेत आपण दसरा चौकात येतो. बंगाली मंडळींसाठी सत्यजित राय यांच्या ‘सोनार केल्ला’चा थांबा झाला, १९७४ च्या त्या सिनेमामुळे बंगालातून इथं पिढ्यान्‌पिढ्या माणसं येतात. त्या आजोबांचे डोळे भरून आले होते. मी मनात जरा हसले, आणि नंतर आठवलं की मीसुद्धा एका पुस्तकातला रस्ता शोधतच आलेय.

मग जैन मंदिरं. कोरीवकामाबद्दल बोलायला माझ्याकडे शब्द नाहीत आणि गाइडकडे होते, त्यामुळे ते त्यांच्यावर सोडते. माझी तक्रार वेगळी आहे. या मंदिरांच्या पोटात ज्ञानभंडार आहे. पंधराव्या शतकात जिनभद्रसूरींनी उभा केलेला हस्तलिखितांचा साठा, त्यात अकराव्या शतकापर्यंत मागे जाणारी ताडपत्रं. टूरमध्ये त्याला किती वेळ? एक वाक्य: “नीचे पुरानी किताबें हैं.” आणि पुढे चला.

आता बघा. १८७४ मध्ये मुंबई सरकारच्या शिक्षण खात्यातले गेओर्ग ब्यूलर हस्तलिखितं शोधत इथं आले, बरोबर तरुण हेर्मान याकोबी. इथं त्यांना बिल्हणाचं ‘विक्रमाङ्कदेवचरित’ मिळालं. त्याची नक्कल करून घेऊन ब्यूलरनं दुसऱ्याच वर्षी ते मुंबईत छापलं. बिल्हण काश्मीरचा, त्याचा नायक कल्याणीचा चालुक्य राजा सहावा विक्रमादित्य, म्हणजे आपल्या दख्खनचा. आणि पोथी टिकली थरच्या वाळवंटात. ज्या सरकारी मोहिमेत ब्यूलर काम करत होते, तिनं जमवलेला संग्रह डेक्कन कॉलेजात होता आणि १९१८ मध्ये तो भांडारकर संस्थेत आला. पुण्यात संशोधन करणाऱ्या माणसानं ज्याच्या जिवावर निम्मं काम केलंय त्याचा एक धागा त्या तळघरात जातो, आणि मी त्यावरून चपला हातात घेऊन दोन मिनिटांत पुढे गेले. नाशिकच्या काकूंना मी हे सांगितलं तर त्या म्हणाल्या, “अगं, मग तूच सांगायचंस ना आम्हाला!” बरोबर होतं त्यांचं.

खरी गंमत हवेल्यांपाशी आहे. पटवों की हवेली म्हणजे एक नाही, पाच हवेल्या. गुमानचंद पटवा यांच्या घराण्यानं १८०५ पासून पुढची काही दशकं बांधलेल्या. घराणं जैन ओसवाल, आडनाव बाफना किंवा बापना. घराण्याच्या शाखा राजस्थान-माळव्यात ठिकठिकाणी पसरल्या. जोरावरमल हा उदयपूर दरबाराचा सावकार. थेट पुढचं सांगायचं तर १९२६ ते १९३९ या काळात होळकर संस्थानचे पंतप्रधान असलेले सर सिरेमल बापना याच घराण्यातले. पैसा जरीकामाचा, सावकारीचा आणि अफूचा.

गाइडनं सांगितलं: जरी, मसाले, सुका मेवा, आणि ‘सिल्क रूट’.

मी गल्लीतल्या एका ओट्यावर टेकले आणि मुद्दाम दहा मिनिटं थांबले. आमच्या मागून दोन गट आले, एक इंग्रजी, एक बंगाली. तिन्ही गाइडांनी त्याच झरोक्याखाली थांबून तेच सांगितलं. विनोदसुद्धा तोच: दगड एवढा कोरलाय की बायकोला दागिने द्यायचं राहूनच गेलं असेल. म्हणजे इथं एक संहिता आहे. लेखक अनामिक, पाठांतर पक्कं, भाषा बदलली तरी मजकूर हलत नाही. कीर्तनकाराच्या आख्यानासारखंच म्हणा ना. हे लक्षात आलं की निम्मं काम झालं, कारण संहिता असली की तिच्यात काय आहे आणि काय नाही हे विचारता येतं.

मी गाइडना बाजूला घेऊन विचारलं, भाईसाब, अफूचं काय? ते अजिबात दचकले नाहीत. म्हणाले, “मॅडम, पता है. पर अफीम बोलो तो लोग हँसते हैं, फिर पूछते हैं, कहाँ मिलेगी?”

या वाक्यावर मी अजून विचार करतेय. इथं अज्ञान मुळीच नाही. माणसाला माहीत आहे आणि तो ते टूरच्या बाहेर ठेवतो, कारण ऐकणारे काय करतील तेही त्याला माहीत आहे. हैतीचे अभ्यासक मिशेल-रॉल्फ ट्रुयो यांचं १९९५ चं ‘सायलेन्सिंग द पास्ट’ तुमच्यापैकी बहुतेकांच्या यादीत असेल. नसेल तर घाला. त्यांचं म्हणणं थोडक्यात असं की इतिहासात गप्प बसणं चार जागी घडतं: साधन तयार होताना, दप्तर लावताना, त्यातून गोष्ट उभी करताना, आणि शेवटी त्या गोष्टीला मोठेपण देताना. परीक्षेत हे चार मुद्दे लिहून मार्क मिळतात. पण चारांतली नेमकी कोणती जागा, हे विचारलं नाही तर त्याचा उपयोग शून्य. अफूच्या बाबतीत साधनं आहेत, कंपनीच्या दप्तरात ढिगांनी आहेत. दप्तरंही लागलेली आहेत. मौन तिसऱ्या जागी आहे, हवेलीच्या झरोक्याखाली. आणि ते गाइड एकटे पाळत नाहीत, त्यात आम्ही नऊ जणही आहोत.

गंमत म्हणजे अफू पर्यटनातून हद्दपार झालेली नाही. जोधपूरच्या बाजूला ‘व्हिलेज सफारी’ला जा, तिथं अंमल घोळून ओंजळीतून देण्याचा विधी ‘संस्कृती’ म्हणून करून दाखवतात. म्हणजे गावातल्या म्हाताऱ्याची अफू दाखवायची, शेठजींची झाकायची. ओंजळ दिसते, पेटी दिसत नाही.

याच ठिकाणी गाइड आमच्याकडे, म्हणजे मी आणि नाशिककर, बघून म्हणाले, “फिर आपका बम्बई आया और हमारा जैसलमेर बैठ गया.” सगळे हसले. वाक्य ढोबळ आहे, पण संपूर्ण टूरमधलं इतिहासाच्या सगळ्यात जवळ जाणारं वाक्य तेच होतं, म्हणून इथं जरा थांबते. १८३० च्या सुमारास कंपनीनं अडवणूक सोडून पास पद्धत आणली: ठरलेली रक्कम भरा आणि अफू उघडपणे मुंबईला न्या. १८३५ मध्ये हा दर पेटीमागे १२५ रुपये होता. तो फार चढवता येत नव्हता, कारण चढवला की माल पुन्हा जैसलमेर-कराचीच्या वाटेला लागणार. १८४३ मध्ये सिंध इंग्रजांनी घेतला. कराचीचं दार बंद. आणि पासचा दर? तो लगेच २००, मग ३००, आणि १८४७ पर्यंत ४०० रुपये. आकड्यांची ही उडी म्हणजे जैसलमेरच्या रस्त्याची किंमत आहे. तो रस्ता जिवंत होता तोवर कंपनीला हात आखडता घ्यावा लागत होता. अफूचा सगळा ओघ मग मुंबईकडे वळला. आपल्या मुंबईतल्या ज्या जुन्या देणग्यांच्या पाट्या आपण कौतुकानं वाचतो, त्यांतल्या बऱ्याच चीनच्या व्यापारावर उभ्या आहेत. सर जमशेटजी जीजीभॉय हे त्यातलं सगळ्यांना माहीत असलेलं नाव. गाइड ‘आपका बम्बई’ म्हणाले तेव्हा मी हसायला नको होतं, वही काढायला हवी होती.

आता माझी चूक. पुढची हवेली सालिमसिंहाची, १८१५ च्या आसपासची, वरचा मजला मोराच्या पिसाऱ्यासारखा पसरलेला. सालिमसिंह मेहता हा संस्थानचा दिवाण आणि टूरचा खलनायक. त्याच्या नावावर दोन गोष्टी. एक, त्यानं हवेली राजवाड्याच्या उंचीला भिडवली, म्हणून राजानं वरचे लाकडी मजले उतरवले. दुसरी कुलधऱ्याची: गावापासून सतराएक किलोमीटरवरच्या या पालीवाल ब्राह्मणांच्या गावातल्या मुलीवर दिवाणाची नजर गेली, तेव्हा अब्रूसाठी चौऱ्याऐंशी गावांतले पालीवाल एका रात्रीत उठून गेले, आणि जाताना शाप देऊन गेले. आता तिथं भुतं.

ही गोष्ट मी खर्ड्यात ‘स्थानिक मौखिक परंपरेनुसार’ असं म्हणून घातली. मला वाटलं, दप्तरातले कागद सत्तेचे, ही गोष्ट लोकांची. दोन्ही आलं की प्रकरण कसं भरदार दिसेल. सरांनी शेजारी पेन्सिलीनं एवढंच लिहिलं: कोणाची परंपरा? कधीपासून? तुम्ही कोणाकडून ऐकली?

मी ऐकली होती पैसे देऊन, सकाळी साडेअकराला, एका पाठ संहितेतून.

मग शोधायला बसले. सालिमसिंहाला खलनायक करणारं सगळ्यात प्रसिद्ध छापील पुस्तक म्हणजे जेम्स टॉडचं ‘ॲनल्स अँड अँटिक्विटीज ऑफ राजस्थान’, दोन खंड, १८२९ आणि १८३२. टॉड हा कंपनीचा पोलिटिकल एजंट. थरच्या आतल्या भागात तो स्वतः गेला नव्हता, हे त्यानंच सांगितलंय; तिकडची माहिती त्यानं माणसं पाठवून गोळा केली. त्याच्या मजकुरात दिवाणाची लूट आहे, जुलूम आहे, देशोधडीला लागलेले श्रीमंत पालीवाल आहेत. मुलगी मला तिथं सापडली नाही. शापही नाही. म्हणजे मी जिला ‘लोकांची’ गोष्ट म्हणत होते तिच्यातला निम्मा भाग इंग्रजी ग्रंथातून गावात शिरलेला असू शकतो, आणि उरलेला कधी चिकटला ते वेगळं शोधावं लागेल. छापील मजकूर पुन्हा तोंडी परंपरेत मुरतो आणि मग आपण तो ‘मौखिक’ म्हणून टिपतो, हा धोका आफ्रिकेच्या इतिहासकारांनी केव्हाच दाखवून दिलाय. मी तो लिटरेचर रिव्ह्यूमध्ये लिहिलासुद्धा होता! लिहिणं आणि ओळखणं यात फरक पडतो तो असा.

दुसरं, ‘एका रात्रीत’. लक्ष्मीचंद यांच्या १८९९ च्या ‘तवारीख-ए-जैसलमेर’च्या आधारे कुलधऱ्याच्या वस्तीचे जे आकडे दिले जातात, त्यांत १८१५ च्या सुमारास आठशेच्या आसपास माणसं आहेत आणि १८९० मध्ये ३७. सालिमसिंह १८२४ मध्येच वारला होता. म्हणजे गाव एका रात्रीत उठलं नाही, दोन-तीन पिढ्या विरत गेलं. इतिहासकार नदीम रिझावी यांनी तिथल्या अवशेषांचा बारकाईनं अभ्यास केलाय. विहिरी आटणं हा मुद्दा महत्त्वाचा ठरतो. अलीकडे काही भूवैज्ञानिकांनी भूकंपाची शक्यताही मांडलीय.

मग काय, गोष्ट खोटी म्हणून फेकून द्यायची? मी तेच केलं होतं, रागाच्या भरात अख्खा परिच्छेद उडवला. तेही चुकलं. आलेस्सांद्रो पोर्तेली यांचा लुईजी त्रास्तुलीवरचा निबंध वाचा. हा इटलीतल्या तेर्नी गावचा पोलाद कामगार १९४९ मध्ये पोलिसांच्या गोळीनं मेला, नाटोविरोधी निदर्शनात. गावातले लोक मात्र ठामपणे सांगतात की तो १९५३ मध्ये मेला, कारखान्यातल्या मोठ्या कामगारकपातीच्या वेळच्या चकमकीत. पोर्तेली विचारतात, लोकांनी त्याचा मृत्यू चार वर्षं पुढे का सरकवला? तिथं अर्थ आहे. तसंच इथं विचारायला हवं: कर आणि विहिरी यांच्या जागी मुलगी आणि शाप कधी आले, आणि कोणाला ते सोयीचं पडलं? कराची गोष्ट सांगितली तर दरबार अडकतो, पाण्याची सांगितली तर कोणीच खलनायक उरत नाही. अब्रूची गोष्ट सांगितली की एकच माणूस दोषी, बाकी सगळे सुटले. शिवाय तिकीट लावता येतं. (पर्यटन अभ्यासातल्या मॅककॅनेलबद्दल मी इथं काहीच म्हणत नाहीये, कारण तो तुम्ही सगळे वाचताच आणि सगळीकडे लावताही.)

नथमलच्या हवेलीवर जास्त वेळ घालवत नाही. १८८५ ची, हाथी आणि लालू या दोन भावांनी एकेक बाजू घडवली म्हणून दोन्ही बाजू सारख्या नाहीत, हे सांगितलं जातं आणि दिसतंही. सिलावट पाथरवटांपैकी कितीतरी कुटुंबं कामाच्या शोधात कराचीला गेली, हे मात्र सांगितलं जात नाही. त्यानंतर कापडाचं दुकान, चहा, “सिर्फ देखने का”, आणि पाऊण तास.

आता ज्यासाठी हा लेख लिहायला घेतला ते. किल्ल्यात, मंदिरांकडून परत येताना, एका अरुंद गल्लीत गाइड आमच्या पुढे होते. कोपऱ्यावरच्या चहावाल्याशी ते मारवाडीत काहीतरी बोलले. मला ‘पाणी’ आणि ‘नाली’ एवढंच कळलं. मग आमच्याकडे वळून एका भिंतीला हात लावत हिंदीत म्हणाले, “ये देखिए, ये हमारा घर. ये दीवार तीन साल में इतनी खिसकी है.” बोटांनी अंतर दाखवलं. मग लगेच, “चलिए, आगे से पूरा शहर दिखेगा.” आम्ही पुढे गेलो. सगळ्यांनी फोटो काढले.

जैसलमेरचा किल्ला ज्या टेकडीवर आहे तिच्या पोटात मातीचे कच्चे थर आहेत. वर्षाला दोनशे मिलिमीटरच्या आतबाहेर पाऊस पडणाऱ्या गावासाठी तो बांधलेला, पाणी डोक्यावरून वर न्यायचं आणि जपून वापरायचं. विसाव्या शतकात नळ आले, मग गेस्ट हाऊस, बाथरूम, रेस्टॉरंट. जाणारं पाणी नीट बाहेर पडेना, ते खाली मुरायला लागलं, बुरूज ढासळायला लागले. १९९६ मध्येच हा किल्ला वर्ल्ड मॉन्युमेंट्स फंडाच्या धोक्यातल्या वास्तूंच्या यादीत आला होता. हे सगळं मला माहीत होतं, गाडीत वाचलं होतं. आणि टूरमध्ये हेच ‘लिव्हिंग फोर्ट’ या दोन शब्दांत अभिमानानं सांगितलं जातं: इथं अजून माणसं राहतात.

परत आल्यावर मी त्या दिवसाच्या फील्ड नोट्स उघडल्या. टीलोंची गोष्ट सविस्तर. बुरुजांची संख्या. झरोक्याखालचा विनोद, अफूबद्दलचं वाक्य, शब्दशः, चौकटीत. भिंतीबद्दल एक अक्षर नाही. पूर्ण चार तासांत पाठ नसलेली, फक्त त्या माणसाची म्हणता येतील अशी जी काही मोजकी वाक्यं मला मिळाली, त्यातलं एक मी टिपलंच नव्हतं. का? विचारलं तर मी म्हणाले असते, माझ्या विषयाशी संबंध नाही. सकाळपासून मी गाइडच्या संहितेत काय गाळलंय ते शोधत होते. ट्रुयोच्या चार जागांपैकी पहिली, साधन तयार होतानाची, ती माझ्या वहीत होती.

तेव्हा या टूरला किती मार्क द्यायचे? मी तीन देते. पाठांतर उत्तम, गडीसर उत्तम, हवेल्यांपाशी सोयीचं मौन, ज्ञानभंडाराला अन्याय. जायचं असेल तर दोनदा जा, दोन वेगळ्या गाइडांबरोबर, आणि दोन्हींत जे शब्दशः सारखं येईल ते वहीत एका बाजूला लिहा. आवाज बदलतो, भाषा बदलते, वाक्य अर्धं राहतं, ते दुसऱ्या बाजूला. पहिल्या बाजूला ‘मौखिक परंपरा’ हे लेबल लावायच्या आधी छापील पुस्तकं तपासा. दुसऱ्या बाजूला लेबल लावायची घाई नको.

भिंतीचं वाक्य मी या लेखात वापरलंय, त्याआधी गाइडना फोन केला होता. टूरच्या शेवटी त्यांनी कार्ड दिलं होतं. त्यांना मी आठवत नव्हते. ‘अफीमवाली मॅडम’ म्हटल्यावर आठवले. तुमच्या घराच्या भिंतीबद्दल लिहू का, विचारलं. थोडा वेळ काहीच बोलले नाहीत. मग म्हणाले, “लिखो. नाम मत लिखना, सीज़न चालू है.” भिंत कशी आहे विचारलं तर म्हणाले, बाहेरून चुना मारलाय.